शिळोबाची राखण

वैजयंती राऊळनं शनिवारी सकाळी साडेसातला घण उचलला आणि अंगातली सगळी ताकद लावून शिळोबाच्या गुडघ्यावर घातला.

घण गुडघ्यापर्यंत पोचलाच नाही. शिळोबानं वाकून दांडा मध्येच धरला, तिच्या हातातून हलकेच सोडवून घेतला आणि कुंपणाच्या खांबाला टेकवून ठेवला, पाहुण्याची छत्री ठेवतात तसा. मग तो पुन्हा फाटकात उभा राहिला. दीड पुरुष उंच, एकावर एक रचलेल्या सात काळ्या दगडांचा, डोळ्यांच्या जागी दोन खाचा. दगड अर्थात खरे नव्हते. आत धातू होता, मोटारी होत्या आणि वरून नुसता दगडाचा रंग होता.

"माझो कोयतो पण परवा असोच काढून घेतल्यान," तिचा चुलतभाऊ दिगू मागून म्हणाला. "मारूक नाय, ढकलूक नाय. वैजू, तू वाईच दमान घे."

"दमानं घेऊ?" वैजयंती गर्रकन वळली. "सोमवारी संध्याकाळी इथं काय उरणार आहे दिगू, दमानं घ्यायला?"

फाटकाच्या पलीकडे आंबेखोलची राई होती. ऐन, किंजळ, सातवीण, बेहडा. दोन माणसांच्या कवेत मावणार नाहीत असे बुंधे आणि मधोमध बारमाही झरा. तीन बाजूंना खोल कडा आणि चौथ्या बाजूला खाणवाल्यांचं हे नवं कोरं कुंपण. राईच्या पोटात लोखंडाचा दगड आहे असं दोन वर्षांपूर्वी कुणीतरी शोधून काढलं आणि तेव्हापासून गावाची झोप उडाली. गाव कोर्टात गेलं होतं. सुनावणी मंगळवारी होती. खाणवाल्यांनी झाडतोडीला शनिवार, रविवार आणि सोमवार निवडला, म्हणजे मंगळवारी कोर्टासमोर वाद घालायला झाडच शिल्लक राहू नये. हे सगळं कायद्यात बसत होतं आणि म्हणूनच वैजयंतीच्या तळपायाची आग मस्तकात गेली होती.

पण पुण्याहून रात्रभर गाडी हाकत ती आली, ती केवळ खाणवाल्यांवर चिडून नव्हे. शिळोबा तिनं घडवला होता. आणि नुसता घडवला नव्हता, तिनं त्यात आपला बाप घातला होता.

शिळोबा माहीत नाही असं पोर महाराष्ट्रात शोधून सापडलं नसतं. मेरुवन नावाचा देश कुठल्याच नकाशात नाही. तो चष्मा लावला की दिसतो. पंधरा वर्षांपूर्वी पुण्यातल्या सहा वेड्यांनी एका गॅरेजमध्ये तो खेळ रचला आणि त्या सहांत वैजयंती होती. मेरुवनाच्या वेशीवर शिळोबा उभा असे. सात जोगिणींनी सात डोंगरांतून एकेक शिळा आणली, प्रत्येकीनं आपल्या शिळेत फुंकर घातली आणि सातवी फुंकर पडताच तो उठून उभा राहिला, अशी त्याची कथा. त्याला झोप नाही, भूक नाही. त्याच्यावर मंत्र चालत नाही, लाच चालत नाही, राजाची आज्ञासुद्धा चालत नाही. मनात खोट असलेला वेशीतून आत जाऊ शकत नाही आणि खोट नसलेल्याला तो कधी अडवत नाही.

कथा छान होती. प्रश्न एवढाच होता, की यंत्राला खोट ओळखायला शिकवायचं कसं? पोरं भारी चलाख. कुठलाही ठरीव नियम चार दिवसांत चकवून आत घुसत. आणि मग वैजयंतीला आपला बाप आठवला.

आत्माराम राऊळ हे आंबेखोलच्या राईचे राखणे. पिढीजात काम, बिनपगारी. राईतली वाळकी काटकीसुद्धा कुणी न्यायची नाही हा गावाचा शिरस्ता आणि तो पाळला जातो की नाही हे बघायला आत्माराम वाटेवर बसलेले. झऱ्याचं पाणी प्यायला येणारा कोण आणि लुंगीत कोयता खोचून आलेला कोण, हे त्यांना बघताक्षणी समजे. कसं, ते त्यांना सांगता येत नसे. "समाजता," एवढंच म्हणत.

तेव्हा निर्णयाची छाप घेण्याचं तंत्र नवं होतं. माणसाच्या डोक्यावर केसांत दिसणारही नाही अशी पातळ जाळी बसवायची. ती मेंदूतले विजेचे बारीक तरंग टिपते. सोबत एक कॅमेरा माणूस काय बघतोय, काय ऐकतोय ते टिपतो. माणूस 'याला सोडावं' किंवा 'याला अडवावं' असं ठरवतो त्याच्या सुमारे दीड सेकंद आधी मेंदूत तो निर्णय शिजू लागलेला असतो. अशा हजारो निर्णयांच्या नोंदी यंत्राला दिल्या, की यंत्र तोच कल उचलतं. शब्द उचलत नाही, आठवणी उचलत नाही, आवाज तर नाहीच, फक्त पारख. आईच्या हातचं मीठ लेकीच्या हातात उतरतं, पण आईनं ते कधी मोजून सांगितलेलं नसतं, त्यातला हा प्रकार. आत्मारामांनी चौदा महिने जाळी घातली, हसत हसत. खेळातला शिळोबा दाखवला तेव्हा त्यांनी तक्रार केली ती एकच. "तेच्या हातात तरवार कित्याक दिलंस? राखण्याचे हात मोकळे व्हये." वैजयंतीनं तलवार काढून टाकली.

आत्माराम जाऊन सहा वर्षं झाली. चार वर्षांपूर्वी ऋत्विज वर्तकनं, गॅरेजमधल्या त्या सहांपैकी सगळ्यात गोड बोलणाऱ्यानं, शिळोबाची पारख यंत्राच्या देहात घालून खऱ्याखुऱ्या पहाऱ्यासाठी विकायला काढली. दुकानं, वसाहती, गोदामं. मालकालासुद्धा चकवता येणार नाही असा पहारेकरी! लोकांच्या उड्या पडल्या. आणि आता तो खाणवाल्यांनाही विकला होता.

वैजयंतीनं ऋत्विजला फोन लावला.

"माझा बाप माझ्याच गावावर पहाऱ्याला बसवलास? लाज नाही वाटली?"

"वैजयंती, आधी शांत हो."

"शांत हो हा शब्द पुन्हा काढलास तर तिथं येऊन तुझं टाळकं फोडीन."

"अगं, गिऱ्हाइकानं कुठं उभा केला ते आपल्या हातात नसतं. आणि तुला रचना माहीत आहे. आम्ही पारखेला हात लावलेला नाही. वरून फक्त एक यादी आहे. गावातल्या लोकांची."

रचना तिला माहीत होती, तिनंच केली होती. पारख एकसंध असते, तिच्यातला एखादा धागा काढून दुसरा घालता येत नाही. फार तर तिच्यावरून एक यादी लावता येते. पण यादी फक्त 'नाही' म्हणू शकते. पारख नको म्हणत असताना यादीला 'हो' म्हणता येत नाही, कारण तसं झालं असतं तर मालकानं चोरालाही आत सोडलं असतं आणि शिळोबाला कुत्र्यानं विचारलं नसतं. गावच्या चारशे बारा माणसांची नावं यादीत होती. वैजयंतीचंही.

"याला बंद कर," ती म्हणाली.

"इथून होत नाही. बंद करायची पेटी त्याच्या पाठीमागे कुंपणाच्या आत असते. लांबून कुणाला बंद करता येऊ नये हीच तर त्याची खुबी आहे. तूच सुचवली होतीस." ऋत्विजनं सुस्कारा सोडला. "घरी जा. तुला त्रास होईल ते बघून."

तिनं फोन गवतात भिरकावला. दिगूनं तो गुपचूप शोधून आणला.

साडेनऊला दोन गाड्या आल्या. त्यांतून तेरा माणसं उतरली, डोक्याला मुंडाशी, खांद्यावर विजेच्या करवती. मराठवाड्याकडची होती. त्यांचा मुकादम शिवदास डोईफोडे चांगला पन्नाशीचा, पांढऱ्या मिशांचा गृहस्थ. त्यानं फाटकाशी जमलेल्या गावकऱ्यांना हात जोडून रामराम केला. कामावर निघालेल्या कुठल्याही माणसाच्या चेहऱ्यावर असतो तोच भाव त्या तेरा जणांच्या चेहऱ्यावर होता.

पहिला फाटकापाशी गेला. शिळोबानं त्याच्याकडे दीड सेकंद पाहिलं आणि बाजूला झाला.

गावकऱ्यांनी एकच गिल्ला केला. "झाडां तोडूक इले हत ते! चोर हत! आडव तेंका!" दुसरा आत गेला. तिसरा गेला. शिळोबा ढिम्म. आत करवत सुरू झाली आणि तिचा आवाज वैजयंतीच्या दातांत शिरला.

तिला रडू येत होतं, पण संताप रडूही फुटू देत नव्हता. हे असं का होतंय, ते तिला स्वच्छ कळत होतं आणि तेच सहन होत नव्हतं. चोराला घाम येतो. चोर इकडेतिकडे बघतो, पाऊल जपून टाकतो, खिशातला हात बाहेर काढत नाही. बाबांनी आयुष्यभर असली माणसं अडवली. पण या तेरा जणांच्या मनात चोरी नव्हतीच. ते हुकमाचा कागद घेऊन रीतसर कामाला आले होते. ज्याच्या मनात पाप होतं तो कुठंतरी गार खोलीत चहा पीत होता आणि तो या फाटकाशी कधीही येणार नव्हता. घाबरलेले, घामेजलेले, संतापलेले दिसत होते ते गावकरी. शिळोबाच्या नजरेला आज गावच चोर दिसत होतं.

आणि हा आरडाओरडा? त्याचा काही उपयोग नव्हता. एकानं दुसऱ्याबद्दल कान भरले तर आत्माराम कधी ऐकूनच घेत नसत. "तेच्या तोंडान बोलांदे," म्हणत.

तेच्या तोंडान.

वैजयंती जागच्या जागी थिजली. बाबा प्रत्येकाला विचारायचे. राईत शिरणाऱ्या प्रत्येकाला, सख्ख्या भावालासुद्धा. कोण? कित्याक इलंस? आणि उत्तर येईपर्यंत वाट सोडायचे नाहीत. खेळातला शिळोबाही विचारायचा. मग पहाऱ्याची पहिली आवृत्ती एका मोठ्या दुकानात बसवली, तेव्हा लोक कुरकुरले. दारात कसल्या चौकशा करता, म्हणाले. वेळ जातो, म्हणाले. ऋत्विजनं तो प्रश्न काढायला सांगितला आणि वैजयंतीनं क्षणाचाही विचार न करता काढून टाकला. दुसरं कुणी असतं तर कदाचित थबकलं असतं. पण ती आंबेखोलची. तिच्या गावात जो तो ज्याला त्याला 'खय चललंस, कित्याक इलंस' विचारतो आणि कुणी उत्तराची वाट बघत नाही. बाबांचं विचारणं तिला त्यातलंच वाटलं होतं, नुसती बोलायची रीत. तिनं बापाची सगळी पारख उचलली आणि पारखेचं दार तेवढं स्वतःच्या हातानं लिंपून टाकलं.

दुसऱ्या कुणी ही माती खाल्ली असती तर तिनं त्याला फाडून खाल्लं असतं. आता खायला समोर कुणी नव्हतं.

चौथा माणूस फाटकात पोचला होता. वैजयंती धावत सुटली आणि त्याच्या वाटेत आडवी उभी राहिली.

"कोण तू?"

तो बिचारा गांगरला. "मी... मी ज्ञानोबा, बाई."

"कशाला आलास?"

"कशाला म्हंजी? झाडं तोडायला की."

शिळोबाची मान वळली. दीड सेकंद गेला. बाजूला झालेला तो सात दगडांचा देह परत फाटकात आला आणि त्यानं ज्ञानोबाच्या खांद्यावरची करवत अलगद उतरवून घेतली.

पारखेला कान होतेच; बाबांच्या प्रत्येक निर्णयात समोरच्याचं उत्तर मुरलेलं होतं. गेली चार वर्षं कुणी कुणाला ते उत्तर द्यायला लावलं नव्हतं, एवढंच. प्रश्न शिळोबानं विचारला काय नि वैजयंतीनं विचारला काय, त्याला फरक पडत नव्हता.

"आतल्या तिघांना पण!" वैजयंती कुंपणाला लटकून बेंबीच्या देठापासून ओरडली. "ए, कशाला आलात तुम्ही?"

"तोडायला!" करवत थांबवून आतून कुणीतरी सरळ मनानं ओरडलं.

शिळोबा आत गेला आणि तिघांना दंडाला धरून बाहेर घेऊन आला, लग्नात वडीलधाऱ्यांना जेवायला नेतात त्या अदबीनं. पण तोवर एका सातविणीच्या बुंध्यात करवत वीतभर शिरली होती. पांढरा चीक खाली ओघळत होता. ते पाहून वैजयंतीनं पुन्हा एकवार ऋत्विजला आणि मग स्वतःलाही शिवी दिली.

मुकादम डोक्याला हात लावून बसला. मग त्यानं शक्कल लढवली. "ज्ञानोबा, सांग की फिरायला आलोय म्हून."

"फिरायला आलोय," ज्ञानोबा म्हणाला आणि त्याचे कान लाल झाले. शिळोबा हलला नाही. दुसरा म्हणाला, देवदर्शनाला आलोय. तिसरा म्हणाला, पाणी प्यायला आलोय, आणि स्वतःच हसला. तेरा सरळ माणसांत एकालाही धड खोटं बोलता येईना. शेवटी शिवदास डोईफोडे उठला आणि वैजयंतीसमोर येऊन उभा राहिला.

"बाई, अठ्ठावीस वर्सं झाडं पाडतोय. हितं कशाला आलास, असं कुणी इचारलंच न्हाई बघा कधी," तो म्हणाला. मग माणसांना घेऊन गाडीच्या सावलीला जाऊन बसला आणि तंबाखूची डबी काढली.

ऋत्विज चार वाजता हवाई टॅक्सीनं उतरला. त्याचा पांढरा शर्ट घामानं भिजला होता. गावकऱ्यांकडे न बघता तो थेट फाटकाशी चालला. पेटीपर्यंत पोचलं की त्याचं काम झालं. यादीत त्याचं नाव नव्हतं.

"कोण तू?" वैजयंतीनं विचारलं.

तो थांबला. या प्रश्नाची ताकद त्या सगळ्या गर्दीत तिच्याइतकीच त्याला ठाऊक होती. त्यानं ओठ घट्ट मिटले.

"कशाला आलास?"

ऋत्विज बोलेना. शिळोबाही हलेना. उत्तर टाळणाऱ्याला आत्माराम काय समजत, हे चौदा महिन्यांच्या नोंदींत पुरेपूर होतं. एक मिनिट गेलं, दोन गेली. उन्हात उभ्या असलेल्या ऋत्विजच्या कानशिलावरून घाम निथळू लागला.

"देखभालीला आलोय," शेवटी तो म्हणाला. शिळोबा जागचा हलला नाही. "बरं. बंद करायला आलोय! झालं समाधान?" शिळोबा तसाच. ऋत्विजनं फाटकाला लाथ घातली. त्याचा तो गोड आवाज पार चिरकला. "मजा वाटते तुला? आपली पंधरा वर्षांची मेहनत मातीत घालते आहेस. आणि तुला वाटतं हा तुझा आहे? तुझा बाप आहे ना तो? मग तू आत जाऊन दाखव. जा ना!"

सगळे वैजयंतीकडे बघू लागले. ती सकाळपासून दुसऱ्यांना विचारत होती. तिला कुणी विचारलं नव्हतं. दिगू पुढे आला. त्यानं रीतसर विचारलं.

"कोण गे तू?"

"वैजयंती. आत्माराम राऊळाचा चेडू."

"कित्याक इलंस?"

राई वाचवायला, असं ती म्हणणार होती. ओठांवर आलंही होतं. पण ते सगळं खरं नव्हतं. समोर कोण उभं आहे ते तिला माहीत होतं आणि त्याच्यापुढे अर्धवट खरं चालत नसे.

"भांडूक इलंय," ती म्हणाली आणि तिचा आवाज चढत गेला. "तुझ्याशीच भांडूक इलंय. हसत हसत जाळी घातलंस तू, माका एकदा तरी नाय म्हणूचा होता. मी विकलंय तुका, बाबा. माजो राग माज्यावर आसा, तुज्यावर आसा, ह्या सगळ्यांवर आसा. पण रायेतला माका काय एक नको. पान पण नको."

दीड सेकंद गेला. सकाळपासून प्रत्येक गाववाल्यासमोर खांबासारखा उभा राहिलेला शिळोबा हलला. त्याचा उजवा पाय उचलला गेला, बाजूला झाला, अर्ध्या पावलावर टेकला. फाटकात एका माणसापुरती फट पडली आणि तिच्यातून आतली थंड हवा तिच्या तोंडावर आली.

मग वरून यादी आडवी आली. मोटारींचा कर्र आवाज झाला. पाय मागे आला, फट मिटली.

"बघ," ऋत्विज म्हणाला. "तुलाही नाही."

"पाय उचलला तो माझ्या बापानं," वैजयंती त्याच्याकडे न बघता म्हणाली. "मागे घेतला तो तुम्ही."

ऋत्विज टॅक्सीकडे गेला आणि भराभर फोन करू लागला. मंगळवार अजून लांब होता. आज ना उद्या खाणवाले कुणीतरी बेरड माणूस शोधून आणतील, शिळोबाच्या डोळ्याला डोळा भिडवून बिनदिक्कत खोटं बोलणारा. असली माणसं मिळतात, पगारावर मिळतात. वैजयंतीला ते ठाऊक होतं. तिचा राग तसूभरही उतरला नव्हता आणि तो उतरू द्यायचा तिचा विचारही नव्हता. तिनं वाटेच्या कडेचा एक धोंडा ओढत ओढत फाटकासमोर आणला, त्यावर बसकण मारली आणि दिगूला घरून पाणी आणि भाकरी आणायला सांगितली. खाली घाटीत आणखी एका गाडीचा धुरळा दिसू लागला होता. गाडी वर येऊन थांबली. दार उघडायच्या आत ती उठून तिथं पोचली होती.

"कोण तुमी? कित्याक इलास?"